आधी तिचे पान

रहस्यकथेत बहुधा एक मृत्यू आधी घडून गेलेला असतो आणि तो कोणी घडवला हे आपल्याला शेवटी कळते. ‘अनकही’ या चित्रपटात हा क्रम उलटा आहे. मृत्यू कोणाचा आणि कसा होणार हे आपल्याला आधीच सांगितले जाते. त्यात कोणाचा हात आहे हेही आपण पाहत असतो, आणि त्या हातात सुरी किंवा विषाची बाटली नसून अक्षता असतात. गेल्या भाद्रपदात आम्ही दोघी बहिणींनी हा चित्रपट चौलच्या आमच्या जुन्या घरात, तांदळाच्या डब्यावर लॅपटॉप ठेवून पाहिला. त्याविषयी लिहायचे ठरवले ते एका रसग्रहणाच्या हेतूने. लिहिता लिहिता ते भलतीकडेच गेले. तसेच ते येथे देत आहोत.

चित्रपट १९८५ सालचा. दिग्दर्शक अमोल पालेकर. मूळ नाटक चिं. त्र्यं. खानोलकरांचे, ‘कालाय तस्मै नमः’. खानोलकर म्हटले की वाचकाला आरती प्रभूंची कविता आठवते, ‘कोंडुरा’ आणि ‘रात्र काळी, घागर काळी’ आठवते. हे नाटक अभ्यासक्रमात क्वचित, चर्चेत त्याहून क्वचित. चित्रपटाचेही तेच झाले. आज त्याचे नाव निघाले तर ते पंडित भीमसेन जोशींच्या गायनामुळे आणि जयदेव यांच्या संगीतामुळे निघते. दोघांनाही त्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला होता. भजने लोकांच्या ओठी राहिली आणि ज्या भयानक गोष्टीच्या पोटात ती ठेवली होती ती गोष्ट विसरली गेली. हे थोडे सोयीचेच झाले, असे आम्हांला आता वाटते.

गोष्ट अशी. एक नामांकित ज्योतिषी आहेत, ज्यांचे भाकीत चुकत नाही. ही भूमिका डॉ. श्रीराम लागूंनी केली आहे. त्यांचा मुलगा नंदू, म्हणजे स्वतः पालेकर. नंदूचे सुषमावर (दीप्ती नवल) प्रेम आहे. वडील मुलाची पत्रिका जाणून आहेत आणि तिच्यात लिहिले आहे की याची पहिली बायको बाळंतपणात जाईल. मग नंदूच्या मनात एक हिशेब उभा राहतो. पहिली जाणारच असेल, तर पहिली सुषमा असता कामा नये. पहिली दुसरीच कोणी असावी. आणि अशी एक मुलगी जवळपास असते: इंदू (देविका मुखर्जी), मनाने अस्थिर, भाबडी, जिच्याशी कोणी लग्न करील अशी घरच्यांनाही फारशी आशा नाही. नंदू तिच्याशी लग्न करतो. पुढे काय होते ते येथे मुद्दाम सांगत नाही. ज्यांनी चित्रपट पाहिला नसेल त्यांचा तेवढा अधिकार राखून ठेवला पाहिजे.

आमच्यापैकी धाकटी महाविद्यालयात मराठी शिकवते. तिने नाटक आणि रूपांतर या विषयाच्या ओघात हे कथानक तृतीय वर्षाच्या वर्गाला सांगितले आणि विचारले, यात सर्वांत मोठा अपराधी कोण? वर्ग अपेक्षेप्रमाणे विभागला गेला. पुष्कळांनी वडिलांना दोष दिला, कारण त्यांनी जाणले आणि बोलून दाखवले. काहींनी नंदूला. दोघांनी खानोलकरांनाच दोषी ठरवले. त्यांचे म्हणणे अगदीच टाकाऊ नव्हते. सुषमाचे नाव मात्र कोणीच घेतले नाही. मग मागच्या बाकावरची एक मुलगी म्हणाली, “पण इंदूला कोणी सांगितलं होतं का?” वर्ग गप्प झाला. आम्हांला वाटते, या कथेच्या पात्ररचनेची किल्ली त्या प्रश्नात आहे. येथे पात्रांची खरी वाटणी सज्जन आणि दुर्जन अशी होत नाही. ती ज्यांना माहीत आहे आणि जिला माहीत नाही अशी होते. एका घरात जाणणारे आहेत, आणि त्यांच्यामध्ये हळदीकुंकवाने एक अजाण मुलगी आणून बसवली आहे.

म्हणूनच नंदूला खलनायक म्हणता येत नाही, आणि ते न म्हणता येणे हाच या कथेचा छळ आहे. तो इंदूशी वाईट वागत असता तर आपण सुटलो असतो. पण तो माणूस मायाळू आहे. ज्याला आपण पालेकरांचा चेहरा म्हणून ओळखतो, तो मध्यमवर्गीय, थोडा बावरलेला, बसच्या रांगेत उभा राहणारा चेहरा. त्याच चेहऱ्यामागे हा हिशेब ठेवला आहे. दुसऱ्या कोणा नटाने ही भूमिका केली असती तर आपण पहिल्यापासून सावध राहिलो असतो. अशा माणसाने बायकोची काळजी घेतली की आपल्याला बरे वाटते, आणि बरे वाटल्याची लाज वाटते. कोकणात देवाला सोडलेल्या बोकडाचेही लाड होतात. त्याच्या अंगावरून फिरणारा हात खोटा नसतो. घरातली पोरे त्याला हौसेने पाला घालतात, आणि तिथीही सर्वांना ठाऊक असते.

पालेकरांचा पहिला दिग्दर्शित चित्रपट ‘आक्रित’ (१९८१), मानवत येथील हत्याकांडावरचा, तेंडुलकरांनी लिहिलेला. तेथे कोणाच्या तरी लाभासाठी मुली-बायकांचे बळी उघड रक्ताने दिले जातात. चार वर्षांनी तोच दिग्दर्शक बळीची दुसरी गोष्ट सांगतो. या वेळी लग्नपत्रिका छापून. दोन्ही चित्रपट एकापाठोपाठ एक पाहण्याचा योग आला तर अवश्य पाहावेत. एकदम मात्र नव्हे.

लागूंविषयी एक गोष्ट नमूद केल्याशिवाय राहवत नाही. देवाला निवृत्त करा, असे जाहीरपणे सांगणारा हा विवेकवादी नट येथे ज्याचे शास्त्र कधीच चुकत नाही अशा माणसाच्या अंगात शिरला आहे. त्यांनी त्याचा उपहास केलेला नाही. स्वतःच्या विद्येच्या अचूकपणाखाली चेपलेला बाप त्यांनी उभा केला आहे. ज्याला आपले भाकीत खोटे ठरावे असे मनापासून वाटते, आणि ते खोटे ठरले तर आपण कोणीच उरत नाही हेही कळते, असा तो बाप आहे.

आता जे सांगायचे त्यासाठी थोडे धर्मशास्त्रात जावे लागेल. मुलीच्या पत्रिकेत वैधव्ययोग निघाला तर तिचे लग्न आधी मातीच्या कुंभाशी लावण्याची रीत आपल्याकडे आहे. कुंभविवाह झाला की कुंभ पाण्यात सोडायचा; नवरा ‘गेला’; मग खरा नवरदेव दुसरा ठरतो आणि वाचतो. पुरुषाचे तिसरे लग्न अशुभ मानले गेल्यामुळे तिसऱ्या खेपेला रुईच्या झाडाशी लग्न लावतात. त्याला अर्कविवाह म्हणतात. मग येणारी बायको शास्त्राच्या मोजणीत चौथी. लहानपणी आम्हांला या रिती फार विनोदी वाटत. आता त्यांत एक शहाणपण दिसते, तेही कोडगे. पूर्वजांनी नियतीला फसवण्याचा मार्ग काढला, पण निदान फसवणुकीत माणूस वापरला नाही. घडा वापरला, रुईचे झाड वापरले. खानोलकरांनी काय केले, तर घड्याच्या जागी एक जिवंत मुलगी ठेवली. सगळा विधी तोच, मोजणी तीच, फक्त पाण्यात सोडायची वस्तू बदलली. ‘कालाय तस्मै नमः’ची भीषणता आम्हांला या एका अदलाबदलीत दिसते.

आणि याच्या नेमक्या दुसऱ्या टोकाला सावित्री. तिची गोष्ट आपण वडाला सूत गुंडाळताना ऐकतो, म्हणून तिच्याकडे नीट पाहत नाही. नारद सांगतात की सत्यवान एका वर्षात जाणार. अश्वपती मुलीला म्हणतो, दुसरा वर पाहा. ती नाही म्हणते. म्हणजे भाकीत येथेही आहे आणि लग्नही आहे. पण जिला कळले, ओझे तिनेच उचलले. नंदूला कळले आणि त्याने ते दुसरीच्या ओटीत घातले. मागच्या बाकावरच्या त्या मुलीच्या प्रश्नाचे मोल येथे कळते. इंदूला सांगितले असते, आणि तरी ती बोहल्यावर उभी राहिली असती, तर ही वेगळी गोष्ट झाली असती. कदाचित तीही वाईटच. पण वेगळी.

असो. आता घराकडे.

२०२० सालच्या ३ जूनला निसर्ग चक्रीवादळ आमच्या किनाऱ्यावर आले तेव्हा वाडीतल्या निम्म्याहून अधिक पोफळी एका दुपारीत आडव्या झाल्या आणि घराची कौले उडाली. कौले पुन्हा घातली, माळ्यावरचे भिजलेले सामान मात्र तसेच राहिले होते. ते काढायला म्हणून आम्ही दोघी गेलो होतो. पितृपक्ष चालू होता. बाबा आता अठ्ठ्याहत्तर वर्षांचे आहेत. अविधवा नवमीला घरी पान वाढायचे असते, त्यासाठीही कोणीतरी जायला हवेच होते.

हे पान कोणाचे, ते सांगितले पाहिजे. आमची आजी आजोबांची दुसरी बायको. पहिली १९४२ सालच्या पावसात बाळंतपणात गेली. अलिबागला न्यायला बैलगाडी जोडेपर्यंत सगळे संपले होते. मूलही गेले. त्या काळच्या कुलाबा जिल्ह्यात (रायगड हे नाव १९८१ सालचे) अशा बायका घरोघर होत्या, आणि त्यांच्या जागी आलेल्या बायकाही. आजी १९४३च्या माघात या घरात आली, पंधरा वर्षांची. तिच्या गळ्यात मंगळसूत्राखाली चांदीचा एक लहानसा टाक असे. सवतीचा टाक. आम्ही लहान असताना तो हातात घेऊन खेळत असू आणि त्यावरच्या पुसट बाईला नाक आहे की नाही यावर भांडत असू. दरवर्षी नवमीला आजी एका सवाशिणीला जेवायला बोलावी, तिची ओटी भरी, आणि केळीच्या पानांची रांग मांडताना प्रत्येक वेळी म्हणे, “आधी तिचं पान. मग आपली.” आम्ही ‘ती’ म्हणजे जेवायला आलेली सवाशीण असे समजत होतो.

पहिलीचे नाव घरात कोणी घेत नसे. घेणार कोणते? सासरचे ठेवलेले नाव आत्याला आठवते. माहेरचे नाव कोणालाच ठाऊक नाही. आत्याने आजीच्या तोंडून ऐकलेले एवढेच, की मुलगी खाडीपलीकडची होती. बापाविना, मामाच्या घरी वाढलेली. हुंडा घेतला नाही. आमच्या पणजोबांनी तेव्हा हुंडा घेतला नाही हे कुटुंबात अभिमानाने सांगितले जात असे, आणि आम्हीही एके काळी कोणा मैत्रिणीजवळ ते अभिमानाने सांगितले आहे.

माळ्यावरच्या पेटीत तांबड्या फडक्यात गुंडाळलेल्या पत्रिका निघाल्या. आजोबांची लांब गुंडाळी वाळवीने कडेला खाल्लेली होती. तिच्या समासात तिरक्या अक्षरांत एक ओळ होती. द्विभार्यायोग. प्रथम भार्येस प्रसूतिकाली अरिष्ट. खाली शके १८६१, पौष. त्याच फडक्यात आजीची पत्रिका, आणि तिच्या पाठीवर पणजोबांच्या वळणदार मोडीमिश्रित हातात तीन छोटी वाक्ये, ज्यांतले शेवटचे वाचायला आम्हांला वेळ लागला. पत्रिका जुळते. मुलगी लहान. थांबावे. त्याखालचे वर्ष इसवी सनात होते: १९४०.

सकाळी हे सापडले तेव्हा आम्ही हसलो. समासातली तिरकी ओळ म्हणजे गावच्या जोश्यांची करामत, एवढेच म्हटले. पत्रिका उन्हात पसरून ठेवल्या. रात्री चित्रपट पाहिला. चित्रपट संपल्यावर बराच वेळ आम्ही एकमेकींशी बोललो नाही, आणि मग दोघीही एकदम उठलो आणि पडवीतून ते फडके आत घेऊन आलो.

हिशेब अगदी सोपा आहे. १९३९च्या अखेरीस किंवा १९४०च्या आरंभी घरात भाकीत आले. १९४० साली आजीची पत्रिका पाहिली गेली. ती बारा वर्षांची होती. शारदा कायद्याने मुलीला चौदा वर्षे पूर्ण हवीत, तेव्हा थांबणे भागच होते. पण पणजोबा थांबले नाहीत. १९४१च्या वैशाखात त्यांनी मुलाचे लग्न लावले, खाडीपलीकडच्या मामाकडच्या मुलीशी, हुंड्याशिवाय. आणि त्या मुलीची पत्रिका त्या फडक्यात नाही. आम्ही सगळी पेटी उपसली. इतर चार मुलींच्या पत्रिका आहेत, ज्यांच्याशी लग्न झालेच नाही. जिच्याशी झाले तिची नाही.

आमच्यापैकी थोरली शाळेत गणित शिकवते. तिने रात्री दोन वाजता आक्षेप मांडले, आणि ते येथे मांडणे न्यायाचे आहे. एक, समासातली ओळ वेगळ्या शाईची दिसते. जोशी लोक घटना घडून गेल्यावर मागची तारीख घालून आपली वही दुरुस्त करतात, हे जगजाहीर आहे. दोन, ‘थांबावे’ या शब्दाचा अर्थ नकार असाही होतो. अमुक स्थळ सध्या नको, एवढेच. तीन, लग्नाच्या मुलींच्या पत्रिका घरोघर पडून असत, आणि वाळवीला कोणती खावी हे कोणी सांगत नाही. चार, त्या काळी पहिल्या बाळंतपणात बाई जाणे ही इतकी सामान्य गोष्ट होती की तसे भाकीत करायला ग्रहांची गरजच नव्हती. तिने २००८ सालच्या त्या प्रयोगाचीही आठवण दिली. जयंत नारळीकर, नरेंद्र दाभोलकर प्रभृतींनी ज्योतिषांना हुशार मुलांच्या आणि मतिमंद मुलांच्या पत्रिका ओळखायला दिल्या, सत्तावीस जणांनी उत्तरे पाठवली, आणि बरोबर उत्तरांचे प्रमाण सेहेचाळीस टक्क्यांच्या आसपास निघाले. नाणे उडवून पाहिले असते तरी तेवढेच निघाले असते. आणि आम्ही कुठे बसलो आहोत, ती म्हणाली. येथून दहा मैलांवर अलिबागला १९०४ पासून पृथ्वीचे चुंबकत्व मोजण्याची वेधशाळा चालू आहे. मुंबईत ट्रामगाड्या विजेवर जाणार म्हणून कुलाब्याची मोजणी बिघडू नये यासाठी ती येथे आणली. एका बाजूला माणसे इतक्या काटेकोरपणे सुईचे हलणे टिपत होती आणि दुसऱ्या बाजूला आमचे पणजोबा हे वाचत होते!

सगळे खरे आहे. पण धाकटीचे उत्तर असे की या सगळ्याने फक्त भाकीत खोटे ठरते. पणजोबांचा विश्वास खोटा ठरत नाही. आणि पापाला विश्वास पुरतो. नंदूचे वडील चुकले असोत की नसोत, नंदूने ज्या क्षणी इंदूला होकार दिला त्या क्षणी त्याच्या मनात ती मेलेली होती. पुढे ती प्रत्यक्षात मेली की जगली याने गोष्टीचा शेवट बदलतो, पण त्या होकाराला काही फरक पडत नाही. कायद्याला येथे काहीच सापडणार नाही. मुलीला अन्न दिले, वस्त्र दिले, घराण्याचे नाव दिले. सुईण बोलावली. गाडीही जोडली. किती सावकाश जोडली, हे आता कोण सांगणार?

हे शेवटचे वाक्य लिहून आम्ही थांबलो. ते अन्यायाचे आहे. आमच्याजवळ त्याला कसलाच पुरावा नाही, आणि पणजोबांची बाजू मांडायला कोणी उरलेले नाही. तरी ते खोडले नाही, कारण संशय एकदा आला की तो किती दूरवर जातो हे वाचकाला दिसावे.

खरी अडचण पणजोबांची नाहीच. पणजोबा आमच्यासाठी भिंतीवरचा एक फोटो. अडचण आजीची आहे. चित्रपट पाहताना आमच्या वर्गातल्या मुलांप्रमाणे आम्हीही सुषमाकडे दुर्लक्ष केले होते. तिने काही केलेले नसते. तिच्यावर कोणीतरी प्रेम करते, आणि त्या प्रेमापोटी दुसरीला पुढे केले जाते. सुषमाची संमती असो वा नसो, जे घडते ते तिच्यासाठी घडते. जिच्यासाठी घडते तिचे काय करायचे? आजी बारा वर्षांची होती. तिला कोणी काही विचारले नसणार. सागरगोटे खेळत असेल. आणि तरी या घरात तिच्यासाठी एक जागा राखून ठेवली होती, जी भरण्याआधी रिकामी व्हायची होती. आयुष्यभर आम्ही तिला बिचारी समजत आलो. वयाने दहा वर्षांनी मोठा दुजवर नवरा, गळ्यात मेलेल्या बाईचा टाक, दरवर्षी सवतीचे श्राद्ध. सवतीच्या सावलीत जगलेली बाई म्हणून धाकटीने तिच्यावर एक कथाही लिहिली होती, सुदैवाने ती छापली गेली नाही.

तिला माहीत होते का? आमच्याजवळ एकच प्रसंग आहे. १९९६ साली थोरलीच्या लग्नाचे पाहणे चालू असताना बाबांनी एका ज्योतिषांना घरी बोलावले होते. ते ओटीवर बसले, पाट मांडला, चष्मा पुसला. आजी तोपर्यंत कोणासमोर मोठ्याने बोलल्याचे आम्ही ऐकले नव्हते. ती माजघरातून आली, त्यांच्या हातातली पत्रिका काढून घेतली आणि म्हणाली, “हिची बघायची नाही. या घरात कोणाचीच बघायची नाही.” पत्रिका पदराखाली धरून ती आत गेली. बाबांनी पाहुण्यांची क्षमा मागितली, म्हातारपण म्हणाले. चहा झाला. आजी त्यानंतर तीन वर्षांनी गेली, आणि त्या विषयावर पुन्हा कधी बोलली नाही. थोरलीचे लग्न पत्रिका न पाहता झाले. तेव्हा आम्हांला आजी पुरोगामी वाटली होती.

ती पेटीही शेवटपर्यंत तिच्याच पलंगाखाली असे. तिला वाचता येत होते. मोडी मात्र येत नव्हती, असे आत्या म्हणते. पण ‘थांबावे’ हा शब्द बाळबोधीत होता.

‘कालाय तस्मै नमः’ हे शब्द मराठी माणूस दोन वेळा उच्चारतो. एकदा काळापुढे खरोखर हात जोडताना, आणि एकदा हात झटकताना. खानोलकरांनी ते शीर्षक कोणत्या अर्थाने योजले यावर पूर्वी आम्ही वर्गात बरेच बोललो आहोत. पहिला अर्थ, नियतीचा, हाच सांगत आलो. खानोलकर म्हणजे नियती, हे समीकरण इतके घट्ट आहे की परीक्षेत त्यावर गुण मिळतात. आता वाटते, दुसरा अर्थही तितकाच त्यांच्या कानात असावा. ज्या घरात सर्वजण नियतीचे नाव घेतात, त्या घरात कोणीतरी एक यादी केलेली असते. आधी कोण, मग कोण.

आम्ही मग या सगळ्यात कोठे आहोत, हा प्रश्न दोघींपैकी कोणीही त्या रात्री मोठ्याने विचारला नाही. पहिली जगली असती तर बाबा नसते, आत्या नसती. हे वाक्य लिहायला सोपे आहे, कोणत्याही दुसरेपणाच्या नातवंडाला ते लिहिता येईल. पण ती नुसती गेली असती तर आम्हांला तिच्याविषयी दुःख वाटले असते. ती आमच्यासाठी आणली गेली असेल, तर काय वाटायला हवे, याला आमच्या भाषेत शब्द नाही. ऋण म्हणावे तर ते घेताना देणाऱ्याला ठाऊक असते. चोरी म्हणावी तर चोरणारे आम्ही नव्हे. ‘अनकही’मध्ये तिसरी पिढी नाही, म्हणून पालेकरांना हा प्रश्न पडला नाही. चित्रपट संपतो. घरात मात्र पुढे मुले होतात.

दुसऱ्या दिवशी नवमी होती. सवाशीण म्हणून शेजारची सून जेवायला आली, नव्यानेच लग्न झालेली, सातवा महिना. तिला पाहून आम्हां दोघींच्या पोटात गोळा आला; ती बिचारी खीर वाढून घेत होती. धाकटीने पाने मांडली. बाबा भिंतीला धरून उभे होते. ते म्हणाले, “आधी तिचं पान.” हे आजीचे शब्द ते दरवर्षी म्हणतात, अगदी आजीच्या सुरात, आणि त्यांचा अर्थ त्यांना कोणी कधी विचारलेला नाही.

पत्रिका आम्ही त्यांना दाखवल्या नाहीत. थोरलीचे म्हणणे होते की दाखवाव्यात. ज्या घरात माहीत असणारे आणि नसणारे अशी वाटणी एकदा झाली, तेथे पुन्हा तीच करायची का? धाकटीचे म्हणणे होते की अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी आईविषयी असे काही ऐकून माणसाने काय करायचे? दोघींचे म्हणणे दोघींना पटत होते. फडके पेटीत ठेवले, पेटी पुन्हा त्याच पलंगाखाली सरकवली. टाक देवघरात आहे. तो पुसताना धाकटीने भिंगातून पाहिले. नाक आहे.

दुपारी बाबा झोपाळ्यावर पडून होते. आदल्या रात्री चित्रपट अर्ध्यावर असतानाच त्यांचा डोळा लागला होता.

“काल तो लागूंचा सिनेमा बघत होतात ना,” त्यांनी विचारले, “त्या मुलीचं काय झालं गं शेवटी?”

शेवट आम्ही त्यांना सांगितला. ते थोडा वेळ झोपाळ्याच्या कड्यांकडे पाहत राहिले. मग म्हणाले, “तिच्या माहेरचं कोणी नव्हतं वाटतं.”